काळी दोन

जातं फारच हलकं होतं. खुंट्याला हात लावायचा अवकाश, ते भोवऱ्यासारखं गर्रकन फिरलं आणि माझ्या बांगड्या खुंट्यावर आपटल्या.

"रावसाहेब, हे जातं आहे का जत्रेतलं खेळणं?" मी म्हटलं.

आमचे दिग्दर्शक रावसाहेब इंगवले कॅमेऱ्यामागून डोकावले. "लाकडाचं आहे, बाई. वरनं प्लॅस्टर. खरं जातं आणलं तर त्याच्या घरघरीत कर्ण्यातलं गाणं तुम्हाला ऐकायला कसं येणार? जरा जड हातानं फिरवा. दगड आहे असं समजायचं."

"समजायचंच आहे तर पीठही समजूनच पाडते की."

वर फळ्यांवर पाय सोडून बसलेले दिवेवाले खदखदून हसले. रावसाहेबही हसले. मीही हसले. खूप दिवसांनी मी सेटवर बसले होते, अंगावर सुनेचं हिरवं लुगडं होतं, समोर खोटी चूल, खोटी उतरंड, खोट्या खिडकीत खोटी पहाट. आणि आता थोड्याच वेळात कर्ण्यातून माझंच गाणं लागणार होतं.

हे सगळं कोल्हापुरातलं. लढाई संपून चार-पाच वर्षं झाली असतील. लढाईच्या आधी आम्ही नट-नट्या कॅमेऱ्यासमोरच गायचो. पेटीवाला झुडपामागं दडलेला, तबलजी पलंगाखाली, आणि मधे माशी शिंकली की सगळं पहिल्यापासून. लढाईत फिल्मच मिळेना, कंपन्या बंद पडल्या, आणि लढाई संपून पुन्हा दारं उघडली तेव्हा रीतच बदलली होती. गाणं आधी वेगळं भरून घ्यायचं, मग चित्रणाच्या दिवशी त्याची तबकडी लावायची, आणि आपण नुसते ओठ हलवायचे. ओठ एकीचे, गळा दुसरीचा, असंही सर्रास चालू झालं होतं. पण माझ्या बाबतीत तो प्रश्नच नव्हता. हंसाबाई म्हटलं की लोकांना आधी आवाज आठवायचा, मग चेहरा.

तबकडीच्या यंत्रापाशी आमचे संगीत दिग्दर्शक उभे होते. श्रीपती ओतारी. अंगात कोट, गळ्यात तपकिरी मफलर, मनगटात बापानं ओतलेलं पितळी कडं. शेजारी दोन वेण्या घातलेली सतरा-अठराची पोरगी, हातातला रुमाल पिळत.

"मास्तर, भाची का?" मी लांबूनच विचारलं.

"अं? नाही... पुण्याच्या आहेत. शूटिंग बघायला आल्यात."

एवढ्याशा पोरीला तो 'आहेत' म्हणाला, तेव्हाच माझ्या कानाला काहीतरी लागायला हवं होतं.

मास्तर मी आता म्हणते. आधी तो शिरपा होता. आमच्या नाटक कंपनीत पेटीच्या साथीला आला तेव्हा मिसरूडही नीट फुटलेलं नव्हतं. घराणं ओताऱ्यांचं. बाप देवळांच्या घंटा ओतायचा, आणि हा भट्टीपाशी बसून कुठली घंटा कुठल्या सुरात बोलते ते सांगायचा. बाप म्हणायचा, नुसतं ऐकून पोट भरतं का रे? तसा तो घरातून निघाला आणि आमच्याकडे आला. माझ्या साथीला बसायला लागला तेव्हा मी कुठं श्वास घेणार ते मला कळायच्या आधी त्याला कळायचं. त्याचा भाता तिथंच दबायचा. पुढं मीच त्याला कंपनीच्या मालकांपुढं उभा केला. म्हटलं, एकदा याच्या हातात पिक्चर देऊन बघा. त्याला पहिलं पिक्चर मिळालं त्या दिवसापासून मी त्याला मास्तर म्हणायला लागले. चार लोकांत त्याचा मान राहावा म्हणून. तो मात्र लाजून मान खाली घालायचा. मला बाई म्हणायचा, तो शेवटपर्यंत बाईच म्हणाला.

मधल्या काळात मला विषमज्वर झाला. केस गेले, ते परत आले. अंग भरलं. आवाज मात्र सावकाश येत होता. डॉक्टर म्हणाले, येईल. मीही म्हटलं, येईल.

आणि हे पिक्चर आलं. सासुरवाशिणीची गोष्ट. त्यात पहाटेचं एक गाणं होतं, जात्यावरचं. श्रीपती घरी आला आणि म्हणाला, "बाई, तुमच्या आईच्या ओव्या मला हव्यात. शब्द कवी लिहील. मला चाल पाहिजे, आणि दळताना बाई जशी गाते तशी पाहिजे, बैठकीत गाते तशी नको."

मग रोज सकाळी तो यायचा. मी चहा टाकायची. तो चटईवर पेटी मांडायचा आणि मफलर काढून पेटीच्या पट्ट्यांवर पसरायचा. हात मफलरखाली घालून वाजवायचा.

"हे काय सोंग?" मी पहिल्या दिवशी विचारलं.

"थंडीनं बोटं आखडतात, बाई."

"काळी चारच धरलीय ना?"

"काळी चारच."

माझी पट्टी काळी चार. पेटीवरची चौथी काळी, तो माझा सा. नाटकात, सिनेमात, देवाच्या दारात, जन्मभर मी तिथूनच गायले. गावाला जसं नाव असतं तशी गाणाऱ्याला पट्टी असते. कुणी विचारलं तर मी नावाआधी पट्टी सांगितली असती.

आईच्या ओव्या मी त्याला एकेक करून दिल्या. आमच्याकडं जात्यावर दोघी बसतात, समोरासमोर, एकाच खुंट्यावर दोघींचे हात. एक ओवी म्हणते. तिचा दम सरला की समोरची तिथूनच उचलते, मागंपुढं न बघता, जातं थांबत नाही. आईसमोर मी बसायची. आईचा दम मोठा, तो सरायची मी वाट बघायची. श्रीपतीला हे सांगितलं तर त्यानं मफलरखालचे हात थांबवले. म्हणाला, "म्हणजे कुणाचाच आवाज मधेच उघडा पडत नाही."

"नाही पडत."

सगळ्यांत त्याला आवडली ती आडाची ओवी.

माहेरच्या आडाचं पाणी हाय खोल खोल,
दोर माझा तोकडा ग, घागरीचा जातो तोल.

पण पिक्चरच्या कवीनं दुसरेच शब्द लिहिले, जाईच्या वेलाचे. तेही वाईट नव्हते.

माहेरच्या वाटेवर कुणी लाविली ग जाई,
येता-जाता वास देते, हात लावू देत नाही.

चाल आईचीच, मधे 'हात लावू'वर सूर एकदम वर जायचा, तो श्रीपतीनं घातलेला. तिथं मी सकाळच्या वेळी सहज पोचायची. इतकी सहज, की आपण आजारी होतो हेच विसरायला व्हायचं. मग आडाची ओवी आम्ही नुसती आमच्यासाठी म्हणायचो, चहा संपल्यावर. ती पिक्चरात नव्हती. त्यामुळं ती म्हणताना आवाज मोकळा लागायचा.

पुढं एक दिवस ध्वनिमुद्रण झालं. सारंगीवाले, बासरीवाले, सगळे मी पोचायच्या आधी वाद्यं लावून तयार बसले होते. मी उभी राहिले, गायले. पहिल्याच झटक्यात झालं. वाजवणाऱ्यांनी टाळ्या दिल्या. म्हातारे सारंगीवाले मात्र गज पुसत खालीच बघत होते. मी त्यांच्या पाया पडले तर म्हणाले, "सुखी राहा, पोरी." एवढंच.

तर मी जात्यापाशी बसले होते. रावसाहेबांनी हात वर केला. कॅमेरा फिरायला लागला. श्रीपतीनं तबकडीवर सुई ठेवली.

आधी सारंगी आली, आणि माझा हात खुंट्यावर थांबला.

सूर वर होता. सकाळचा नव्हता, मुद्रणाच्या दिवशीचा नव्हता. खूप वरचा, ओळखीचा, जुना. ती काळी चार होती. खरी काळी चार.

मग आवाज आला. स्वच्छ, नुकतं काढलेलं पाणी असावं तसा. माहेरच्या वाटेवर कुणी लाविली ग जाई. माझा नव्हता. पण श्वास माझा होता. मी जिथं घेते तिथंच घेतलेला, आई जिथं घ्यायची तिथं, जातं अर्ध्यावर येतं तिथं. कुणीतरी तो श्वास तिला शिकवला होता. रोज शिकवला असणार. माझ्याकडून सकाळी घेतलेला त्यानं तिच्याकडं नेऊन दिला होता.

मी बघितलं. कर्ण्याच्या शेजारी, दोन वेण्यांची ती पोरगी नकळत ओठ हलवत होती. माझे मिटलेले होते.

"कट! कट! बाई, ओठ!" रावसाहेब म्हणाले.

"चुकलं," मी म्हटलं. "जरा लक्ष नव्हतं."

श्रीपती सुई उचलत होता. त्यानं वर बघितलं नाही. मानेपासून कानापर्यंत तो लाल झाला होता, भट्टीपुढं बसल्यासारखा. पोरीला काहीच ठाऊक नव्हतं. ती माझ्याकडं बघून लाजून हसली. मला वाटतं तिला वाटलं असेल, बाईंनी ऐकलं, आता बाई शाबासकी देतील.

मी दिली. मानेनं. सगळे बघत होते ना.

दुसऱ्यांदा तबकडी लागली. मी ओठ हलवले. एकही अक्षर चुकलं नाही. चुकणार कसं? श्वासन् श्वास माझाच होता. पण रावसाहेबांना ते पटेना. कॅमेऱ्यामागून बाहेर येऊन ते माझ्यापुढं उकिडवे बसले.

"बाई, रागावू नका. ओठ बरोबर आहेत, पण गळा गात नाही. इथली शीर हलत नाही तुमची. नुसतं तोंड हललं की पडद्यावर मुकं दिसतं. तुम्ही मोठ्यानं म्हणा की तबकडीबरोबर. सगळेच म्हणतात. तुमचा आवाज थोडाच टिपला जाणार आहे?"

"मोठ्यानं?"

"पूर्ण मोठ्यानं. गायल्यासारखं. तुम्हाला काय अवघड आहे?"

त्यांना खरंच वाटत होतं की मला काही अवघड नाही. सेटवर चाळीस-पन्नास माणसं. सुतार, रंगारी, कपडेवाल्या बाया, शेजारणींच्या भूमिकेतल्या चार पोरी. सगळ्यांनी मला कधी ना कधी ऐकलेलं. नाही म्हणावं तर का, ते सांगावं लागणार. आणि गावं तर काळी चारमध्ये गावं लागणार, सगळ्यांच्या देखत.

"रावसाहेब," श्रीपती एकदम बोलला, "कर्णा मोठा करू का जरा? बाईंना ठेका नीट ऐकू येत नाही."

"करा की."

त्यानं कर्णा एवढा मोठा केला की वरच्या पत्र्याला कंप सुटला. दिवेवाल्यांनी कानांवर हात ठेवले. "मास्तर, लग्नाची वरात आहे काय?" कुणीतरी ओरडलं. श्रीपती सुई पहिल्या रेघेवर नेत होता. कर्णा त्यानं कशासाठी वाढवला ते मला कळलं. त्या क्षणी ते कळलं नसतं तर बरं झालं असतं.

सुई टेकली. मी गायला लागले.

पहिली ओळ निघाली. कर्ण्याच्या आवाजाखाली माझा आवाज मलाही ऐकू येत नव्हता. जातं फिरत होतं, हलकं, मी ते जड करून फिरवत होते. येता-जाता वास देते. मी छाती भरून घेतली. 'हात लावू'वर सूर चढायचा होता. मी चढले.

आणि कर्णा बंद पडला.

कुणाचा तरी पाय वायरीत अडकला होता. नाव काय घ्यायचं, अपघात तो. पण त्या एवढ्या मोठ्या पत्र्याच्या छपराखाली एकाएकी एकच आवाज उरला आणि तो माझा होता. वर गेला, अर्ध्यात थांबला आणि फाटला. नवं मांजरपाट फाडताना जसा आवाज होतो, तसा. 'हात ला...' एवढंच राहिलं.

कुणी हसलं नाही. हसले असते तर सोसलं असतं. सगळे जण तिथल्या तिथं थांबले. एक सुतार हातातल्या हातोडीकडं बघायला लागला. शेजारणींतली एक पोर पदराशी चाळा करायला लागली. त्या दोन वेण्यांच्या पोरीनं तर मानच खाली घातली, जणू चूक तिच्याच हातून झाली होती. आणि मला दिसलं की या सगळ्यांना माझी कीव आली आहे. माझा हात खुंट्यावर होता. जातं थांबलं होतं. ओठ अजून उघडेच होते.

तेवढ्यात पावलं वाजली. श्रीपती कोटासकट, बुटासकट उजेडात आला. माझ्यासमोर, जात्याच्या पलीकडं त्यानं फतकल मारली, कॅमेऱ्याकडं पाठ करून, आणि माझ्या हातावर हात ठेवून खुंटा धरला.

"समोरचीनं उचलायचं, नाही का?" तो हळूच म्हणाला.

आणि गायला लागला. त्याच्या त्या घोगऱ्या, धातू घासल्यासारख्या आवाजात. त्याला गळा म्हणून कधी नव्हताच. माहेरच्या आडाचं पाणी हाय खोल खोल.

छप्पर कोसळल्यासारखे सगळे हसले. कोटातला माणूस दळायला बसलेला! वरून एक दिवेवाला ओरडला, "मास्तर, डोक्यावर पदर घ्या की!" त्यानं एका हातानं मफलर ओढून खरोखर डोक्यावर घेतला. "आता मुरका बी मारा!" मुरकाही मारला. लोक पोट धरून हसत होते. सगळं हसू त्यानं आपल्या अंगावर ओढून घेतलं, आणि गाणं मात्र सोडलं नाही. त्याची नजर माझ्याकडं होती. तो सूर देत होता.

पेटी नाही, सारंगी नाही. नुसत्या कानाच्या जोरावर त्यानं नेमका तो सूर धरला होता, रोज सकाळचा.

ती काळी दोन होती.

माझ्या गळ्यानं मला विचारलं नाही. समोरच्याचा दम सरला आणि मी उचललं. दोर माझा तोकडा ग, घागरीचा जातो तोल. खालच्या सुरात आवाज न फाटता निघाला, सावकाश, दळणासारखा. हसणारे हळूहळू गप्प झाले. पुन्हा त्यानं पहिली ओळ म्हटली, पुन्हा मी दुसरी. डोळ्यांतून पाणी येत होतं ते पुसायला हात मोकळा नव्हता. एका हातात खुंटा, दुसऱ्यात खोटे गहू.

रावसाहेबांनी 'कट' म्हणायला फार उशीर लावला.

मग वायर जोडली, तबकडी पुन्हा लागली, आणि रावसाहेब हळूच म्हणाले, "बाई, मोठ्यानं नको. नुसते ओठ चालतील." मी ओठ हलवले. दुपारपर्यंत काम संपलं.

रंगखोलीत मी बांगड्या उतरवत बसले होते. श्रीपती दारात आला. आत येईना.

"या की, मास्तर."

"बाई, शिव्या द्या."

"कशाबद्दल?"

"कंपनीनं नाही सांगितलं. मालकांना तर तुमचाच आवाज हवा होता. मीच म्हटलं, दुसरी पोर बघू." तो चौकटीला धरून उभा होता. "तुमचं मुद्रण मी परत परत ऐकलं. चांगलं झालं होतं. पण थकलेल्या बाईचं झालं होतं. गाण्यातली पोर थकलेली नाही, बाई. ती माहेराला धावत निघालीय. कुणी मला दमदाटी केली असती तर मी नाही म्हणून उठलो असतो. पण माझे कानच ऐकेनात."

मी आरशात बघत होते. हिरव्या लुगड्यातली, विशीतल्या सुनेचा रंग लावलेली, चाळिशीला आलेली बाई.

"पट्टीचंही सांगायला रोज यायचो," तो म्हणाला. "चहा घेईपर्यंत सांगायचं ठरवून यायचो. मग तुम्ही विचारायचा, काळी चारच ना? आणि माझ्या तोंडून हो निघायचं. रोज अर्धी पट्टी खाली आणत होतो, तुम्हाला कळू नये म्हणून. मफलर घालत होतो."

मी शेवटची बांगडी काढली.

"शिरपा," मी म्हटलं. किती वर्षांनी ते नाव माझ्या तोंडात आलं होतं. "पहिल्याच दिवशी कळलं मला."

त्याचा हात चौकटीवरून सुटला.

"काळी चार कुठं आहे ते मला पेटी बघून कळतं का? माझ्या इथं असते ती." मी गळ्याला हात लावला. "पहिल्या दिवशी तू अर्धी उतरलास, दुसऱ्या दिवशी तीन धरलीस, मग आणखी खाली आलास. सगळं कळत होतं. सारंगीवाल्या काकांनी तारा उतरवून ठेवल्या होत्या, तेही कळलं. तरी मी रोज विचारायची, काळी चारच ना? तू हो म्हणावंस म्हणून."

"मग... बोलला का नाहीत?"

याचं उत्तर मला देता आलं नाही. देता आलं असतं तर मी ही गोष्ट आज सांगत बसले नसते. तो मला फसवत होता असं तो समजत होता, आणि खरं म्हणजे मीच त्याला रोज सकाळी खोटं बोलायला लावत होते. ज्याचा कान लहानपणी घंटेचा सूर सांगत होता त्या माणसाला मी रोज चहा पाजून खोटा सूर सांगायला लावत होते. त्यानं ते केलं. त्याच्याच्यानं एवढं झालं. गाण्यात मात्र त्याच्याच्यानं ते झालं नाही, एवढाच त्याचा गुन्हा.

तो आत आला. मला वाटलं पाया पडतो की काय. तसं झालं असतं तर मी जागच्या जागी मेले असते. त्यानं टेबलावरच्या बांगड्या गोळा करून डब्यात ठेवल्या, डबा बंद केला, आणि गेला.

पिक्चर लागलं त्या दिवशी मला बोलावणं होतं. गेले. कोल्हापूरच्या थिएटरात पुढच्या खुर्च्यांवर कंपनीची माणसं, मागं गाव लोटलेलं. श्रीपती माझ्या पुढच्याच रांगेत. गाणं सुरू झालं आणि थिएटर शांत झालं. माझ्या शेजारी मालकांच्या घरच्या बाई होत्या. त्या माझा हात दाबून म्हणाल्या, "काय लागलाय हो तुमचा आवाज! पूर्वीपेक्षाही गोड."

सुरुवातीच्या पाट्यांवर त्या पोरीचं नाव होतं, पण तेव्हा पाट्या कोण वाचायचं? मी म्हणायला हवं होतं, माझा नाही. तोंड उघडलं होतं. पण त्यांनी एवढ्यात डोळ्यांना पदर लावला होता.

मग तो तुकडा आला. 'हात लावू देत नाही'वर माझा चेहरा जवळून. डोळे भरलेले, समोर कुणाकडं तरी बघणारी मी. मला आधी कळेना हा कधी घेतला. मग खुंटा दिसला. माझ्या हातावर दुसरा एक हात, पापणी लवेपर्यंत, आणि त्या मनगटात पितळी कडं.

कॅमेरा चालू होता तेव्हाही. त्या दिवशी कुणी तो थांबवलाच नव्हता.

कर्ण्यातून ती पोरगी जाईचा वेल गात होती, काळी चारमध्ये, मोकळी, माहेराला धावत निघालेली. आणि पडद्यावर माझे ओठ म्हणत होते, दोर माझा तोकडा ग. ओठ आणि शब्द जुळत नव्हते. सबंध गाण्यात तेवढ्याच जागी जुळत नव्हते. शेजारच्या बाई रडत होत्या. मागं कुणीतरी म्हणालं, काय काम केलंय बाईनं, माहेर डोळ्यांपुढं उभं केलं. कुणाच्याही ध्यानात आलं नाही.

पुढच्या रांगेतली मान किंचित वळली आणि परत सरळ झाली.

बाहेर पडताना गर्दी त्याच्याभोवती होती. त्या गाण्यानं त्याचं नाव झालं. पुढं तो मुंबईला गेला, मोठा झाला, गावोगावच्या बँडवाल्यांनी त्याच्या चाली वाजवल्या, आणि त्या पोरीचा आवाज घरोघरी गेला. पण त्या दिवशी तो अजून आमचाच होता. हारासकट गर्दीतून वाट काढत टांग्यापाशी आला.

"बाई, दिसलं?"

"काय?"

"काही नाही."

"दिसलं की," मी म्हटलं. "तूच ठेवायला लावलंस?"

"रावसाहेब काढतच होते. ओठ जुळत नाहीत म्हणाले. मी म्हटलं, राहू द्या." तो हाराची फुलं कुरतडत होता. "तुमचं गाणं त्या पिक्चरमध्ये तेवढंच आहे."

टांगेवाल्यानं लगाम हातात घेतला. मी पदर पुढं ओढला. एवढ्या उजेडात तोंड दाखवायचं जिवावर आलं होतं. मग म्हटलं, आज नाही तर कधीच नाही.

"शिरपा, ती काळी दोन होती. ना?"

भोवती लोक त्याच्या नावानं ओरडत होते. त्यानं मफलरला हात घातला, जणू काहीतरी झाकायचं होतं. मग हात खाली घेतला.

"हो, बाई," तो म्हणाला. "काळी दोन."